मूक वृत्तपट कसा वाचावा : चार्ली चॅप्लिनच्या १९२१ मधील जहाजप्रवासाचे उदाहरण

१. प्रस्तावना

सप्टेंबर १९२१ मध्ये चार्ली चॅप्लिन न्यूयॉर्क बंदरातून 'ऑलिंपिक' जहाजाने इंग्लंडला निघाला. 'द किड' हा त्याचा चित्रपट त्याच वर्षी प्रदर्शित झाला होता आणि तो त्या काळचा जगातला सर्वांत ओळखीचा चेहरा झाला होता. लहानपण लंडनच्या गरीब वस्तीत काढलेला हा माणूस नऊ वर्षांनी मायभूमीकडे चालला होता. साहजिकच त्याचा निरोप टिपायला फोटोग्राफर आणि चलच्चित्र कॅमेरे हजर होते.

अशा निरोपाच्या मूक चित्रफिती आज इंटरनेटवर सहज सापडतात. धक्का, जहाजाची शिडी, हात हलवणारी गर्दी, कठड्याशी उभा असलेला प्रसिद्ध माणूस, एवढाच ऐवज असतो. आपण त्या पाहतो, माणसे तुरुतुरु चालताना पाहून हसतो आणि पुढे जातो. पण अशी फीत हा एक पुरावा आहे. कोणताही पुरावा वापरण्यापूर्वी तो कोणत्या उपकरणाने गोळा केला, त्या उपकरणाच्या मर्यादा कोणत्या आणि मधल्या शंभर वर्षांत त्यात काय बदल झाले, हे तपासावे लागते. अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्याला ही तपासणी अवघड नाही. त्यासाठी अकरावीचे पदार्थविज्ञान पुरते.

हा पाठ वाचून झाल्यावर आपल्याला पुढील गोष्टी जमायला हव्यात :

- जुन्या फितीतील माणसे जलद का चालतात, हे आकड्यांसह सांगणे.
- फितीतील घटनांवरून मूळ चित्रणाचा वेग काढणे.
- फितीवर लावलेले नाव आणि साल खरे आहे का, हे चित्रातील खुणांवरून तपासणे.
- फितीत जे दिसते आणि जे दिसूच शकत नाही, त्यातला फरक ओळखणे.

२. पार्श्वभूमी : वृत्तपट म्हणजे काय?

फ्रान्सच्या पाथे कंपनीने १९०८ च्या सुमारास बातम्यांचा नियमित चित्रपट सुरू केला. १९११ मध्ये अमेरिकेतही तो सुरू झाला. मुख्य चित्रपटाआधी दाखवायच्या एका रिळात पाचसहा बातम्या असत आणि प्रत्येक बातमीच्या आधी मजकुराची पाटी येई. आपल्याकडे १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे समाचार चित्र थिएटरात पाहिलेल्या पिढीला हा प्रकार वेगळा सांगायला नको.

प्रसिद्ध माणसाचे परदेशी जाणे ही वृत्तपटवाल्यांच्या सोयीची बातमी होती. जहाज सुटण्याची वेळ आधी जाहीर असे, उजेड भरपूर मिळे, गर्दी आपोआप जमे आणि जहाजासारखी भव्य पार्श्वभूमी फुकट मिळे. आग किंवा अपघात घडल्यावर कॅमेरा पोहोचेपर्यंत सगळे संपलेले असे. जहाज मात्र ठरल्या वेळीच सुटे.

चॅप्लिनचे वृत्तपटाशी नाते याहून जुने आहे. त्याचा भटक्याचा वेश प्रेक्षकांनी प्रथम पाहिला तो फेब्रुवारी १९१४ मध्ये आलेल्या 'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' या छोट्या चित्रपटात. त्यात मुलांच्या गाड्यांच्या शर्यतीचे चित्रण करणारा वृत्तपटाचा कॅमेरामन आहे आणि भटक्या पुन्हा पुन्हा त्याच्या कॅमेऱ्यापुढे येऊन उभा राहतो. तेव्हा त्याला हाकलावे लागत होते. सात वर्षांनी कॅमेरेच त्याच्यामागे धावत होते.

३. उपकरण : हाताने फिरवायचा कॅमेरा

त्या काळचा बातमीदार कॅमेरा म्हणजे लाकडी तिवईवरची पेटी. बाजूला दांडा असे आणि कॅमेरामन तो हाताने फिरवी. एका फेऱ्यात ८ फ्रेम उघडत. सेकंदाला दोन फेरे हा नेहमीचा हात, म्हणजे सेकंदाला १६ फ्रेम.

३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम बसतात. यावरून एक सोपे सूत्र मिळते : १६ च्या वेगाने चित्रण केले असेल, तर एक फूट फिल्म म्हणजे एक सेकंद. ४०० फुटांच्या डब्यात ४०० सेकंद, म्हणजे ६ मिनिटे ४० सेकंदांचे चित्रण मावते. एवढ्या फिल्ममध्ये धक्का, शिडी, गर्दी, प्रवासी आणि सुटणारे जहाज, सगळे बसवायचे. म्हणून प्रत्येक दृश्य काही सेकंदांचेच असते. दृश्य अचानक तुटते तेव्हा तिथे काही लपवले असेलच असे नाही. बहुतेक वेळा कॅमेरामनने फिल्म वाचवलेली असते.

बोलपट आल्यावर आवाज फिल्मशी जोडायचा असल्याने वेग पक्का ठरवावा लागला. मिनिटाला ९० फूट हे मान ठरले. ९० × १६ = १४४० फ्रेम मिनिटाला, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेम. आजही चित्रपटाचे मान हेच आहे.

१६ ने चित्रित केलेली फीत २४ ने चालवली, तर घटना २४ ÷ १६ = १.५ पट जलद दिसतात. साधारण माणूस मिनिटाला सुमारे ११० पावले टाकतो. ही पावले पडद्यावर १६५ होतात, म्हणजे चालणारा माणूस धावणाऱ्याच्या तालात पाय टाकू लागतो. हात हलवणे फडफडल्यासारखे दिसते आणि टोपी काढून केलेला नमस्कार झटका दिल्यासारखा वाटतो.

इथे दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. पहिली, दांडा हाताने फिरत असल्याने १६ हा आकडा सरासरीचा आहे. गर्दीने धक्का दिला, हात दमला किंवा फिल्म वाचवायची असली की वेग बदले. दुसरी, त्या काळच्या थिएटरातही प्रोजेक्टर पुष्कळदा कॅमेऱ्यापेक्षा जलद चालवला जाई. त्यामुळे तेव्हाच्या प्रेक्षकांनी अचूक वेगच पाहिला, असेही मानता येत नाही.

*चमचम का होत नसे?* सेकंदाला १६ वेळा उजेड-अंधार झाला तर डोळ्यांना त्रास होतो. म्हणून प्रोजेक्टरच्या शटरला तीन पाती बसवत. एकच फ्रेम तीनदा उजळे आणि सेकंदाला १६ × ३ = ४८ झळा मिळत. तेवढ्या झळा डोळ्यांना बऱ्याच अंशी सलग वाटतात.

४. मूळ वेग कसा काढावा?

फितीवर वेग लिहिलेला नसतो. तो चित्रातूनच काढावा लागतो. त्यासाठी ज्या घटनेचा खरा कालावधी निसर्गनियमाने ठरलेला आहे, अशी घटना चित्रात शोधायची.

*पद्धत १ : पडणारी वस्तू.* समजा, धक्क्यावरच्या पेटाऱ्यावर चढून पाहणारा एक मुलगा खाली उडी मारतो आणि शेजारच्या माणसाच्या उंचीशी तुलना करून ती उडी १.२५ मीटरची ठरते. तो सरळ खाली सुटला असे धरले, तर लागणारा वेळ :

t = √(२h/g) = √(२ × १.२५ ÷ ९.८) ≈ ०.५०५ सेकंद

या उडीत ८ फ्रेम मोजल्या, तर वेग ८ ÷ ०.५०५ ≈ १५.८ फ्रेम प्रति सेकंद. ९ मोजल्या तर १७.८. म्हणजे मोजण्यात एका फ्रेमची चूक झाली, तर उत्तर दोनने बदलते. त्रुटी जवळजवळ साडेबारा टक्के. अशी एकच उडी मोजून निष्कर्ष काढू नये.

*पद्धत २ : पाण्यावरच्या लाटा.* खोल पाण्यात लाटेची लांबी आणि आवर्तकाल यांचा संबंध ठरलेला असतो :

λ = gT² ÷ २π ≈ १.५६ T²

धक्क्याच्या खांबाशी येणाऱ्या लाटांच्या दोन माथ्यांतले अंतर सुमारे ६.२ मीटर असेल, तर T जवळजवळ २ सेकंद येतो. १६ च्या वेगाने चित्रण झाले असेल, तर लागोपाठचे दोन माथे एकाच खांबाशी ३२ फ्रेमच्या अंतराने पोहोचतील. इथे एका फ्रेमच्या चुकीने सुमारे ३ टक्केच फरक पडतो. मात्र लांबीचा अंदाज चुकला, तर त्याची चूक वेगळी धरावी. शिवाय कॅमेरा धक्क्यावर स्थिर हवा. चालत्या जहाजावरून घेतलेल्या दृश्याला ही रीत लावली, तर जहाजाचा वेग लाटांच्या वेगात मिसळतो आणि उत्तर चुकते.

*पद्धत ३ : चाल.* एका माणसाची नव्हे, निदान दहा माणसांची पावले मोजून सरासरी घ्यावी. ही रीत ढोबळ आहे, पण पहिल्या दोन पद्धतींच्या उत्तरांची पडताळणी करायला उपयोगी पडते.

तिन्ही उत्तरे जवळपास आली तरच वेग निश्चित मानावा.

५. हीच ती फीत कशावरून?

चॅप्लिनचे अटलांटिक ओलांडणे एकदाच घडले नाही. खालील प्रवास आपल्या कामाचे आहेत :

- १९१० : फ्रेड कार्नोच्या नाटकमंडळीसोबत 'कॅर्नरोना' जहाजाने इंग्लंडहून कॅनडाकडे. याच मंडळीत पुढे प्रसिद्ध झालेला स्टॅन लॉरेल होता.
- १९१२ : त्याच मंडळीसोबत दुसऱ्यांदा अमेरिकेला.
- सप्टेंबर १९२१ : न्यूयॉर्कहून 'ऑलिंपिक'ने इंग्लंडला.
- ऑक्टोबर १९२१ : 'बेरेंगारिया'ने अमेरिकेला परत.
- फेब्रुवारी १९३१ : 'मॉरेटेनिया'ने पुन्हा इंग्लंडला.
- सप्टेंबर १९५२ : 'क्वीन एलिझाबेथ'ने इंग्लंडला.

नावापुढे चुकीचे साल लागलेल्या फिती इंटरनेटवर भरपूर आहेत. तपासणी अशी करावी.

*धुराडी मोजा.* 'ऑलिंपिक' हे 'टायटॅनिक'चे जुळे जहाज, त्याला चार धुराडी होती. 'बेरेंगारिया'ला तीन, 'क्वीन एलिझाबेथ'ला दोन. तीन धुराड्यांच्या जहाजावर चॅप्लिन उभा असेल आणि खाली 'इंग्लंडला प्रयाण, १९२१' असे लिहिले असेल, तर तो बहुधा परतीचा प्रवास आहे.

*चार धुराडी दिसली तरी थांबा.* 'मॉरेटेनिया'लाही चारच होती. इथे ऋतू मदतीला येतो. सप्टेंबरच्या सुरुवातीला न्यूयॉर्कमध्ये उन्हाळा पुरता ओसरलेला नसतो, फेब्रुवारीत मात्र कडक थंडी असते. केवळ चॅप्लिनचा नव्हे, मागच्या गर्दीचा पेहराव पाहावा. प्रसिद्ध माणूस फोटोसाठी कोट घालू शकतो, पण अख्खी गर्दी तसे करत नाही.

*चित्र उलटे आहे का पाहा.* फितीची नक्कल करताना डावे-उजवे बदलण्याची चूक होते. स्वातंत्र्यदेवीचा पुतळा चित्रात असेल तर तपासणी सोपी आहे. मशाल तिच्या उजव्या हातात आहे. म्हणून समोरून पाहिल्यास ती पाहणाऱ्याच्या डावीकडे दिसली पाहिजे. जहाजावरची आणि धक्क्यावरची अक्षरेही हेच सांगतात.

*रंगछटांवर विसंबू नका.* त्या काळची नेहमीची फिल्म ऑर्थोक्रोमॅटिक, म्हणजे निळ्या-हिरव्या प्रकाशाला संवेदनशील आणि लाल प्रकाशाला जवळजवळ आंधळी होती. निळे आकाश पांढरे पडे, लाल ओठ काळे दिसत. सर्व रंगांना प्रतिसाद देणारी पॅन्क्रोमॅटिक फिल्म १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात रुळली. तेव्हा 'आकाश पांढरे आहे, म्हणजे त्या दिवशी ढग होते' असा निष्कर्ष चालत नाही.

*मूळ फिल्म हाती असेल तर तिची कड पाहा.* कोडॅक कंपनी फिल्मच्या कडेला वर्षाची सांकेतिक चिन्हे छापत असे. ही चिन्हे दर वीस वर्षांनी पुन्हा येत. म्हणजे एकच चिन्ह १९२१ चेही असू शकते आणि १९४१ चेही. शिवाय ते चिन्ह फिल्म कधी बनली हे सांगते, घटना कधी घडली हे नाही. १९४१ च्या फिल्मवर १९२१ च्या चित्राची नक्कल असू शकते.

६. फीत काय सांगत नाही?

आतापर्यंत जे मोजता येते ते पाहिले. आता मोजता न येणाऱ्या गोष्टींकडे वळू.

या प्रवासाचे चॅप्लिनचे वर्णन १९२२ मध्ये पुस्तकरूपाने आले. त्यात एक छोटा प्रसंग आहे. जहाज स्वातंत्र्यदेवीच्या पुतळ्याजवळून जात असताना चलच्चित्र घेणाऱ्याने त्याला पुतळ्याकडे पाहून हात हलवायला आणि चुंबने फेकायला सांगितले. चॅप्लिनला त्याचा राग आला. असले करणे त्याला फार ढोबळ आणि खोटे वाटले.

हा प्रसंग वाचल्यावर अशा फितींकडे पाहण्याची आपली नजर बदलायला हवी. कठड्याशी उभा राहून हात हलवणारा माणूस दिसतो, तेव्हा तो कुणाला निरोप देत असतो? किनाऱ्यावरच्या मित्रांना, की दांडा फिरवणाऱ्याच्या सूचनेला? कॅमेऱ्याच्या मागचा आवाज मूक फितीत उमटत नाही. म्हणून लिखित पुरावा शेजारी ठेवल्याशिवाय मूक वृत्तपटावरून कुणाच्या भावनांबद्दल विधान करू नये.

वेगाचा प्रश्नही इथेच येऊन मिळतो. ज्या माणसाला खोटा हावभाव करणे नकोसे वाटत होते, त्याचेच साधे चालणे-बोलणे दीडपट वेगाने दाखवून आपण ते विनोदी करून टाकतो. तो विदूषक होताच, असे म्हणून इथे सुटता येत नाही. विनोद करताना तो वेगावर नेमका ताबा ठेवत असे. हा वेग त्याने निवडलेला नाही, तो आपल्या निष्काळजीपणाचा आहे. आणि धक्क्यावरचे हमाल, खलाशी, पोलीस, मुलांना खांद्यावर घेऊन आलेले बाप, हे तर विदूषकही नव्हते. या बहुतेकांचे चालते-फिरते चित्र जगात एवढेच उरले असेल.

पुढच्या काळाचे ज्ञानही फितीत नसते. १९५२ मध्ये चॅप्लिन कुटुंबासह न्यूयॉर्कहून निघाला, तेव्हा तेही नेहमीचेच प्रयाण होते. जहाज समुद्रात असताना अमेरिकन सरकारने त्याचा परत येण्याचा परवाना रद्द केला. त्यानंतर तो अमेरिकेत गेला तो १९७२ मध्ये, मानद ऑस्कर घ्यायला. हे माहीत असलेला प्रेक्षक त्या निरोपात उदासी पाहील. ती उदासी त्या दिवशी चित्रात होती की आपण ती बाहेरून आणली, हा प्रश्न स्वतःला विचारावा.

७. फीत टिकते कशी, जाते कशी?

१९१० साली चॅप्लिन प्रथम अमेरिकेकडे निघाला, तेव्हा त्याला कुणी ओळखत नव्हते. त्या प्रवासाचा मंडळीचा एक फोटो प्रसिद्ध आहे, ज्यात त्याचा चेहरा जहाजाच्या गोल जीवरक्षक कड्यातून डोकावतो. फोटोची काच किंवा कागद सांभाळणे तुलनेने सोपे असते. चलच्चित्राचे तसे नाही.

त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची होती. तिच्या रेणूतच ऑक्सिजन असल्याने ती एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते. न पेटताही ती कुजते. कुजताना नायट्रोजनची ऑक्साइडे बाहेर पडतात, ओलाव्याशी मिळून आम्ल तयार होते आणि तेच आम्ल पुढचे कुजणे वाढवते. आधी चित्र फिकट होते, मग फिल्म चिकट होते, फुगे येतात आणि शेवटी तपकिरी भुकटी उरते. थंड आणि कोरड्या जागी ही प्रक्रिया मंदावते, थांबत नाही.

अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार तिथल्या सुमारे ११,००० मूक कथापटांपैकी फक्त १४ टक्के मूळ स्वरूपात उरले आहेत. भारतात सुमारे १,३०० मूकपट बने, त्यांपैकी पूर्ण किंवा तुकड्यांत मिळून तीसच्या आसपास शिल्लक आहेत. पुण्याला १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, तोपर्यंत बहुतेक नायट्रेट फिल्म गेलेली होती. उरलेल्यांपैकीही काही जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत गेली.

चॅप्लिनच्या प्रवासाच्या वीस वर्षे आधी आपल्याकडेही बोटीच्या प्रवाशाचे चित्रण झाले होते. केंब्रिजला सीनियर रँग्लर झालेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मुंबईत परतले, तेव्हाच्या स्वागताचे चित्रण हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा, यांनी केले. त्याला भारतातला पहिला वृत्तपट म्हणतात. ती फीत आज उपलब्ध नाही. गणितातल्या यशासाठी एका तरुणाचे स्वागत करायला जमलेली मुंबईची गर्दी कशी दिसत होती, हे आपल्याला वाचून कळते, पाहता येत नाही. वर दिलेल्या सगळ्या पद्धती फीत असेल तरच वापरता येतात.

८. आजच्या सुधारित फितींबद्दल सावधगिरी

हल्ली जुन्या फिती संगणकाने रंगवून सेकंदाला ६० फ्रेमच्या केलेल्या मिळतात. त्या पाहायला सुरेख असतात. पण हिशेब करा : मूळ १६ फ्रेमपासून ६० केल्या, तर ४४ फ्रेम संगणकाने अंदाजाने भरलेल्या आहेत. म्हणजे ७३ टक्क्यांहून अधिक चित्र कोणत्याही कॅमेऱ्याने घेतलेले नाही. कोटाचा रंगही अंदाजच असतो. अशी फीत आवड निर्माण करायला वापरावी, मोजमापाला नाही.

आपल्या घरी, गावच्या वाचनालयात किंवा जुन्या थिएटरात फिल्मचे डबे आढळले, तर ते प्रोजेक्टरवर चढवून पाहू नयेत, उन्हात ठेवू नयेत आणि भंगारात तर मुळीच देऊ नयेत. डबा थंड जागी, ज्वलनशील वस्तूंपासून दूर ठेवून चित्रपट संग्रहालयाला कळवावे. डिजिटल प्रत करून घेताना प्रत्येक मूळ फ्रेमची एकच स्वतंत्र प्रतिमा मागावी. चालवण्याचा वेग नंतर कधीही बदलता येतो. गाळलेली फ्रेम परत आणता येत नाही.

९. स्वाध्याय

१. १००० फुटांचे रीळ १६ आणि २४ फ्रेमच्या वेगाने किती वेळ चालेल? (उत्तर : १६ मिनिटे ४० सेकंद, सुमारे ११ मिनिटे ७ सेकंद)

२. ०.८ मीटर उंचीवरून पडलेली पिशवी ८ फ्रेममध्ये जमिनीवर पोहोचते. चित्रणाचा वेग काढा. मोजण्यात एका फ्रेमची चूक धरल्यास उत्तर कोणत्या मर्यादेत येईल? (उत्तर : सुमारे १९.८; १७.३ ते २२.३)

३. एका फितीवर 'चॅप्लिन, १९२१' असे लिहिले आहे. जहाजाला चार धुराडी आहेत आणि धक्क्यावरच्या सर्वांनी जाड ओव्हरकोट घातले आहेत. आपला निष्कर्ष आणि त्याची कारणे लिहा.

४. आपल्या जिल्ह्यातील कोणत्याही जुन्या चलच्चित्राची एक मिनिटाची फीत निवडा. तिच्यातून मोजता येणाऱ्या तीन गोष्टी आणि लिखित पुराव्याशिवाय सांगता न येणाऱ्या तीन गोष्टी यांची यादी करा.